आपण ज्यूंना छळलं नाही, हे म्हणून झाल्यावर

आपल्याकडे ज्यूंचा विषय निघाला की दोन गोष्टी हमखास ऐकायला मिळतात. एक, जगभर ज्यूंचा छळ झाला, भारतात मात्र कधीच नाही. दुसरी, इस्रायलकडे बघा, एवढासा देश, चारी बाजूंनी वैरी, तरी कसा ताठ उभा आहे. आपणही तसंच व्हायला हवं. मी बर्लिनमध्ये राहते, पण घरच्या व्हॉट्सअॅप गटावर ही दोन्ही वाक्यं वर्षानुवर्षं वाचत आले आहे. दोन्हींमागे आपली पुस्तकं आहेत. वि. ग. कानिटकरांचं ‘नाझी भस्मासुराचा उदयास्त’ माझ्या पिढीच्या कितीतरी घरांत होतं. ना. ह. पालकरांचं ‘इस्रायल : छळाकडून बळाकडे’ आमच्या बाबांच्या कपाटात होतं. अॅन फ्रँकची डायरी मराठीत आहेच. आणि पुण्या-मुंबईच्या फुटपाथवर, व्यक्तिमत्त्व विकासाच्या पुस्तकांना खेटून, हिटलरचं आत्मचरित्रही असतं.

या सगळ्या वाचनात आपण कुठे बसून वाचतो, हा माझा प्रश्न आहे. पहिल्या वाक्यात आपण यजमान असतो, दुसऱ्यात बलवान राष्ट्र. ज्याच्या दारात येऊन कोणीतरी “तू इथला आहेस, हे सिद्ध कर” म्हणतं, त्या माणसाच्या जागेवर आपण कधी बसत नाही. ज्यूंच्या इतिहासावरची चांगली पुस्तकं मात्र बहुतेक त्याच जागेवरून लिहिलेली आहेत.

पहिलं वाक्य बहुतांशी खरं आहे आणि त्याचा अभिमान मलाही आहे. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटून वाचलेल्यांचे आपण वंशज, अशी बेने इस्रायलींची, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंची, परंपरा सांगते. कोकणात ते तेलाचे घाणे चालवत, शनिवारी काम बंद ठेवत, म्हणून ‘शनवार तेली’. गावावरून आडनावं घेतली: केहिमकर, रोहेकर, दिवेकर, पेणकर, अष्टमकर. मुंबईत त्यांचं पहिलं सिनेगॉग, म्हणजे प्रार्थनामंदिर, 1796 साली उभं राहिलं. बायबलमधल्या कथांवर त्यांनी मराठीत कीर्तनं रचली. डॉ. ई. मोझेस 1937 साली मुंबईचे महापौर झाले; महालक्ष्मी-वरळीच्या रस्त्याला त्यांचंच नाव आहे. त्याच्या दोनच वर्षं आधी, 1935 मध्ये, न्यूरेंबर्गच्या कायद्यांनी जर्मनीतल्या ज्यूंचे नागरिक म्हणून असलेले हक्क काढून घेतले होते. हा फरक लहान नाही. पण “आपण त्यांना छळलं नाही” या वाक्यात ‘आपण’ आणि ‘ते’ वेगळेच राहतात. इतकी शतकं मराठी बोलून, मराठीत देव आळवूनही केहिमकर त्या वाक्यात पाहुणेच. चांगली वागणूक मिळालेले पाहुणे, एवढंच.

जर्मनीत आल्यावर मी व्हिक्टर क्लेम्पेररच्या डायऱ्या वाचल्या. 1881 साली जन्मलेला हा रब्बीचा, म्हणजे ज्यू धर्मगुरूचा, मुलगा पुढे प्रोटेस्टंट झाला, पहिल्या महायुद्धात स्वतःहून सैन्यात गेला, ड्रेस्डेनमध्ये फ्रेंच साहित्याचा प्राध्यापक होता. आपण जर्मन आहोत याविषयी त्याच्या मनात शंका नव्हती. त्या युद्धात सुमारे 1 लाख ज्यू जर्मन सैन्यात होते आणि सुमारे 12,000 मेले. तरीही 1916 मध्ये, युद्ध चालू असतानाच, ज्यू आघाडीवर जायचं टाळतात का हे पाहायला सैन्याने त्यांची वेगळी मोजणी केली आणि तिचे आकडे युद्ध संपेपर्यंत जाहीरच केले नाहीत. मोजणी झाली एवढी बातमी संशयाला पुरेशी होती. आपल्यातल्या एखाद्या समाजाची देशनिष्ठा मोजायची भाषा कानावर आली की मला 1916 आठवतं, हिटलर सत्तेवर आला ते 1933 नव्हे.

क्लेम्पेररला 1935 मध्ये नोकरीवरून काढलं. पत्नी एव्हा ज्यू नव्हती आणि तिने त्याला सोडलं नाही, म्हणून तो जगला. त्याच्या डायरीत मोठी भाषणं फार थोडी आहेत. टंकलेखन यंत्र जमा करा, अमुक दुकानात जाऊ नका, ट्राममध्ये बसू नका. 1942 मध्ये ज्यूंनी पाळीव प्राणी ठेवू नयेत असा हुकूम निघाला आणि म्युशेल नावाचं त्यांचं मांजर त्यांना मारून घ्यावं लागलं. ते पान वाचून मी पुस्तक दोन दिवस बाजूला ठेवलं होतं. गॅस चेंबरविषयी वाचताना मन कुठेतरी सुन्न होऊन स्वतःला वाचवतं. मांजराच्या पानावर ती सोय नाही. आणखी एक गोष्ट त्या पानांतून कळते. त्याला हाकलणाऱ्या बहुतेकांपेक्षा क्लेम्पेररचं जर्मन सरस होतं. भाषा, पोशाख, धर्म, रणांगण, सगळ्या परीक्षा तो पास झाला होता. परीक्षा घेणाऱ्यांनी निकाल आधीच लावलेला होता.

ऑस्ट्रियन ज्यू लेखक योझेफ रोटचं 1927 मधलं छोटं पुस्तक मला याहून अस्वस्थ करतं. पोलंड, गॅलिशिया, रशियाकडून बर्लिन, व्हिएन्ना, पॅरिसला आलेल्या गरीब ज्यूंवर ते आहे. रोट स्वतः गॅलिशियातल्या, म्हणजे आज पोलंड आणि युक्रेनमध्ये वाटल्या गेलेल्या प्रदेशातल्या, ब्रॉडी गावचा. बर्लिनच्या शॉयनेनफिअर्टेल भागात, ग्रेनाडियरश्ट्रासेवर, दाटीवाटीने राहणारे, फेरीवाले, सदैव कुठल्यातरी शिक्क्याच्या आणि परवान्याच्या मागे धावणारे हे लोक. आणि बर्लिनमध्ये पिढ्यान् पिढ्या स्थिरावलेले ज्यू? त्यांना या भाऊबंदांची लाज वाटत होती. यांच्या दाढ्या, यांचे लांब अंगरखे, यांची यिडिश बोली. यांच्यामुळे आपल्याला नावं ठेवली जातात, असं त्यांना वाटे. 1938 च्या ऑक्टोबरात सुमारे 17,000 पोलिश ज्यूंना जर्मनीने गाड्यांत भरून सीमेपलीकडे ढकललं. दोन आठवडेही झाले नाहीत तोच, 9 नोव्हेंबरच्या रात्री, नाझींनी देशभर सिनेगॉग जाळली, स्थिरावलेल्यांचीही.

मी हे पुस्तक वाचत होते तेव्हा बर्लिनच्या रस्त्यांवर जेवणाच्या पिशव्या पाठीला लावून सायकली हाकणारी आपली पोरं दिसत होती. कर्ज काढून खासगी कॉलेजांत आलेली, एका खोलीत तिघे-चौघे राहणारी. इथे वीस-पंचवीस वर्षं असलेल्या, ऑडी चालवणाऱ्या भारतीयांच्या गणपतीत मी माझ्या कानांनी ऐकलं आहे: “यांच्यामुळे आपलं नाव खराब होतंय.” बोलणारी माणसं वाईट नाहीत, त्यांतल्या काहींनी मला अडीअडचणीला मदत केली आहे. पण हा विचार आपल्याला सुरक्षित ठेवेल असं त्यांना वाटतं आणि त्यात त्यांची मोठी चूक आहे. 2000 साली जर्मन सरकारने संगणक तज्ज्ञांसाठी ग्रीन कार्ड आणलं तेव्हा इथल्या एका मोठ्या पक्षाच्या नेत्याने ‘भारतीयांऐवजी आपली मुलं’ अशा अर्थाचा प्रचार केला. तो सायकलवाल्यांविरुद्ध नव्हता, इंजिनियरांविरुद्ध होता. 2007 मध्ये सॅक्सनीतल्या म्युगेल्न गावात जमावाने आठ भारतीयांचा पाठलाग केला. त्यांची पदवी कोणी विचारली नाही.

बेने इस्रायलीही यातून सुटलेले नव्हते. हाईम सॅम्युएल केहिमकरांनी आपल्या समाजाचा इतिहास 1897 मध्ये इंग्रजीत लिहून पूर्ण केला. तो छापला गेला 1937 मध्ये, तेल अवीवमध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर बऱ्याच वर्षांनी. समाजातला गोरा-काळा हा भेद त्यात आहे. बाहेरच्या स्त्रियांपासून झालेली संतती ती ‘काळी’, तिच्याशी लग्नसंबंध नाहीत. आपली जातिव्यवस्था कोकणातल्या या छोट्या समाजातही अशी उतरली होती. अल्पसंख्य समाज आपोआप शहाणा होतो, हा समज हे पुस्तक टिकू देत नाही.

आणि मग इस्रायल. 1948 नंतर हजारो बेने इस्रायली तिकडे गेले. लोद, अश्दोद, बेअरशेवा, दिमोना. नव्याने वसवलेल्या, उन्हाने भाजणाऱ्या गावांत त्यांना घरं मिळाली. आपला वर्ण काळा म्हणून आपल्याला डावललं जातं, ही तक्रार पहिल्या काही वर्षांतच सुरू झाली. 1952 च्या सुमारास शंभराहून अधिक जण धरणं धरून भारतात परत आले. त्यांतल्या अनेकांना पुढे पुन्हा इस्रायललाच जावंसं वाटलं. मोठा घाव पुढचा. 1962 मध्ये तिथल्या प्रमुख रब्बींच्या कचेरीने विवाह नोंदवणाऱ्यांना सूचना काढल्या: बेने इस्रायली मुलगा वा मुलगी दुसऱ्या ज्यूशी लग्न करत असेल, तर आईच्या बाजूने जितकं मागे जाता येईल तितकं मागे जाऊन वंश तपासा. कोकणात शतकानुशतकं शनिवार पाळलेल्या माणसांना स्वतःच्या राष्ट्रात आजीच्या आईचं यहुदीपण सिद्ध करायला सांगितलं गेलं. त्यांनी जेरुसलेममध्ये धरणं धरलं. 1964 च्या ऑगस्टमध्ये क्नेसेटला, म्हणजे इस्रायलच्या संसदेला, खास अधिवेशन घ्यावं लागलं, बेने इस्रायली सर्वार्थाने ज्यू आहेत असं म्हणावं लागलं आणि त्यानंतर रब्बींच्या कचेरीने सूचनांमधून त्यांचं नाव काढलं.

छळाकडून बळाकडे जाणारी गोष्ट आपण सांगतो तेव्हा हा अध्याय गाळतो. तो आपल्याच रायगड जिल्ह्याच्या माणसांचा असूनही गाळतो. बळ आल्यावरही प्रश्न शिल्लक राहतो: या राष्ट्रात कोण पूर्ण धरायचा आणि कोण तपासून घ्यायचा? इस्रायलमध्ये तो प्रश्न आशिया-आफ्रिकेतून आलेल्या ज्यूंना भोगावा लागला आणि तिथल्या अरब नागरिकांना त्याहून कितीतरी अधिक. 7 ऑक्टोबर 2023 चा हल्ला आणि त्यानंतर गाझात झालेला संहार, दोन्हींवर बर्लिनमध्ये माझे शेजारी एकमेकांशी बोलेनासे झाले. किप्पा ही ज्यूंची छोटी टोपी घालून रस्त्यावरून चालायला भिणारे ज्यू मला माहीत आहेत आणि नातलग गमावलेले पॅलेस्टिनीही. यातला एकाचा शोक खरा आणि दुसऱ्याचा खोटा असं ठरवून मोकळं होण्याची घाई मला मराठी गटांवर जेवढी दिसते, तेवढी इथे जवळून पाहणाऱ्यांत दिसत नाही.

आता घरचं. जर्मनीने 2024 च्या जूनमध्ये नागरिकत्वाचा कायदा सैल केला: आठऐवजी पाच वर्षं. अर्ज करणाऱ्याला नाझी राजवटीबद्दलची जर्मनीची ऐतिहासिक जबाबदारी आणि ज्यू जीवनाचं संरक्षण मान्य असल्याचं सांगावं लागतं. माझ्या ओळखीच्या मराठी मंडळींनी या कायद्याचं मनापासून स्वागत केलं. 2025 च्या निवडणुकीत परक्यांविरुद्ध प्रचार करणारा पक्ष वीस टक्क्यांच्या वर मतं घेऊन दुसऱ्या क्रमांकावर आला, तेव्हा हीच मंडळी रात्रभर जागी होती. आणि यांतलेच काही जण सकाळी उठून महाराष्ट्रातल्या ‘बाहेरच्यां’ना कसं हुसकावावं याचे संदेश पुढे पाठवतात. आसामच्या नागरिक नोंदणीतून 2019 मध्ये 19 लाखांहून अधिक माणसं वगळली गेली. 2025 च्या उन्हाळ्यात मुंबई परिसरातून उचललेल्या काही बंगाली मजुरांना बांगलादेशात ढकललं आणि ते भारतीय निघाल्यावर परत आणावं लागलं. त्यावर मी गटावर काही लिहिलं तर उत्तर आलं, “तू तिकडे बसून बोलू नकोस.” पण तिकडे बसल्यामुळेच दिसतंय. एका कचेरीतल्या एका शिक्क्यावर माझंही राहणं अवलंबून आहे.

भारत म्हणजे 1933 चा जर्मनी, असं मी म्हणत नाही. ती तुलना आळशी आहे आणि मेलेल्यांचा अपमान करणारी. मराठीच्या आग्रहालाही माझा विरोध नाही. येणाऱ्याने भाषा शिकावी हे मला पटतं, मीही शिकले. पण जर्मनीने त्यासाठी 600 तास भाषेचे आणि 100 तास देशाच्या ओळखीचे असा वर्ग सुरू केला आहे आणि खर्चाचा मोठा वाटा सरकार उचलतं. आम्हाला मारहाण करून जर्मन शिकवलं नाही. मुंबईत टॅक्सी चालवणाऱ्या, पुण्यात इमारती बांधणाऱ्या माणसासाठी संध्याकाळचा मोफत मराठी वर्ग किती वॉर्डांत आहे? ज्यांना मराठी टिकवायची आहे त्यांनी आधी तो मागावा. थोबाडीत मारल्याने कोणी भाषेवर प्रेम करू लागत नाही, त्याला फक्त आपलं इथलं स्थान कळतं.

आणि ते फुटपाथवरचं आत्मचरित्र. जर्मनीत त्याचे हक्क 2015 अखेरपर्यंत बव्हेरिया राज्याकडे होते आणि ते त्यांनी छापू दिलं नाही. हक्क संपल्यावर 2016 च्या जानेवारीत म्युनिकच्या समकालीन इतिहास संस्थेने त्याची चिकित्सक आवृत्ती काढली: दोन जाड खंड, सुमारे 2,000 पानं, साडेतीन हजारांच्या आसपास टिपा. कुठलं विधान खोटं, कुठली कल्पना कुठून उचललेली, पुढे तिचं काय झालं, हे तिथल्या तिथे सांगितलेलं. आपल्याकडे ते टिपांशिवाय, शिस्त आणि नेतृत्व शिकवणारं पुस्तक म्हणून विकलं जातं. बंदी घाला असं मी म्हणणार नाही. मराठी प्रकाशकांनी त्याला अभ्यासकांकडून टिपा लिहून घ्याव्यात. आणि क्लेम्पेररच्या डायऱ्या, रोटचं ते छोटं पुस्तक, केहिमकरांचा इतिहास मराठीतून त्याच स्टॉलवर, त्याच किमतीला मिळतील असं बघावं. केहिमकरांपासून सुरुवात केली तर उत्तम. त्यातली गावं तरी वाचकाच्या ओळखीची असतील.