लंडनला एक चक्कर मारल्याने शेंगेनचे ९० दिवस पुन्हा मिळत नाहीत

शेंगेन म्हणजे आपसात सीमातपासणी नसलेल्या युरोपीय देशांचा गट; लंडन त्यात येत नाही. ‘शेंगेनमध्ये ९० दिवस झाले की एक दिवस लंडनला जाऊन या, नवे ९० दिवस मिळतात. येण्याजाण्याचे दिवस धरत नाहीत. पाच वर्षांचा व्हिसा असेल तर दर सहामाहीला ९० दिवस राहता येतं.’ हा मेसेज फिरत फिरत मावशीपर्यंत पोचला आणि तिने लेकीकडचा मुक्काम वाढवायचं ठरवूनही टाकलं. असले मेसेज पुढे ढकलण्याआधी निदान नियम तरी वाचा!

लंडनचा सल्ला सगळ्यात घातक. शेंगेन बॉर्डर्स कोड, म्हणजे युरोपियन युनियनचा सीमांविषयीचा कायदा (२०१६/३९९), याचं सहावं कलम स्पष्ट आहे: मुक्कामाच्या प्रत्येक दिवशी, तो दिवस धरून मागचे १८० दिवस बघायचे आणि त्यात शेंगेनमधले दिवस ९० च्या वर जाता कामा नयेत. बाहेर पडलात की नवे दिवस मोजले जात नाहीत, पण जुने पुसलेही जात नाहीत. समजा २ एप्रिल ते ३० जून राहिलात, तर बरोबर ९० दिवस भरले. १ जुलै लंडनमध्ये काढून २ जुलैला पॅरिसला उतरलात, तर तो ९१ वा दिवस. २ एप्रिल १८० दिवसांच्या बाहेर जातो तो थेट २९ सप्टेंबरला. तोवर एकही दिवस शिल्लक नाही. १८० दिवस ठरावीक सहामाहीने नव्हे, तर रोज नव्याने मागे मोजतात, त्यामुळे सहामाहीचा दावाही इथेच निकालात निघतो. शिवाय भारतीय पासपोर्टवर लंडनला वेगळा व्हिसा लागतो, हे मेसेजमध्ये नाहीच.

एवढं मात्र मान्य करावं लागेल: सलग ९० दिवस शेंगेनबाहेर राहिलात तर पुढचे पूर्ण ९० मिळतात. पण ९० दिवस, एक दिवस नव्हे.

येण्याचा दिवस पहिला आणि जाण्याचा शेवटचा, दोन्ही धरतात. हेही त्याच कलमात आहे. रात्री पावणेबाराला पासपोर्ट तपासला तरी अख्खा दिवस गेला. म्हणून परतीचं विमान ९० व्या दिवशी रात्रीचं घेऊ नका. उशीर होऊन तपासणी बारानंतर झाली की जादा मुक्काम लागलाच.

पाच वर्षं ही व्हिसाची मुदत, राहण्याचे दिवस नव्हेत. ते स्टिकरवर वेगळे छापलेले असतात. तिथे ३० लिहिलं असेल तर ३०च.

शिक्का पुसट आहे, कोण मोजतंय, या भ्रमातही राहू नका. १२ ऑक्टोबर २०२५ पासून ये-जा संगणकात नोंदवायला सुरुवात झाली आहे. आणि क्रोएशिया, रोमानिया, बल्गेरियातले दिवसही आता शेंगेनमध्येच धरतात. ‘बाहेरच्या’ देशांच्या जुन्या याद्या फेकून द्या.

हिशेब करताना ठरवलेल्या मुक्कामाचा शेवटचा दिवस धरा, त्यासकट मागचे १८० दिवस घ्या आणि त्यात बसणारे आधीचे व आताचे सगळे दिवस मिळवा. मुक्काम सलग असताना रोज एक दिवस वाढतो आणि मागून फार तर एकच गळतो, त्यामुळे शेवटचा दिवस ९० च्या आत बसला की मधलेही बसतात. युरोपियन कमिशनच्या संकेतस्थळावर फुकट कॅल्क्युलेटर आहे. तिकीट काढायच्या आधी त्यात तारखा घाला.