एकदाच खणा आणि नीट पुरा!

"नीट करायला गेलं तर परवडत नाही, साहेब." रस्ता खोदणाऱ्या प्रत्येक ठेकेदाराच्या तोंडी हेच वाक्य. मग तो इंटरनेटची केबल टाकणारा असो नाहीतर विजेची. माझी उभी हयात इलेक्ट्रिकलच्या कामात गेली आहे, त्यामुळे स्पष्टच सांगतो, हे धादांत खोटं आहे. परवडत नाही ते यांचं असलं काम. फक्त त्याचं बिल यांच्या नावावर फाटत नाही, तुमच्याआमच्या नावावर फाटतं.

पुण्यात कर्वेनगरातल्या आमच्या गल्लीचा रस्ता काँक्रीटचा झाला. त्यासाठी महिनोन्‌महिने धूळ खाल्ली, गाड्या लांब कुठेतरी लावल्या, म्हाताऱ्या माणसांनी घराबाहेर पडणं सोडलं. आता तरी सुटलो म्हणतोय तोच इंटरनेटचे फायबरवाले कटर घेऊन हजर! नव्या काँक्रीटमध्ये चर. तोही रात्री, जेसीबी लावून. खाली काय काय गेलंय त्याचा नकाशा नाही, सुपरवायझर नाही, बॅरिकेड म्हणून दोन दगड आणि झाडाची एक फांदी. बकेटमध्ये आमच्या बिल्डिंगची विजेची साडेतीन कोअरची केबल अडकली. ऑपरेटरने थांबून बघायचं की नाही? त्याने ओढली.

कोअर म्हणजे केबलच्या आतली तार. या केबलमध्ये तीन फेजच्या तीन पूर्ण जाडीच्या कोअर असतात आणि न्यूट्रलची, म्हणजे परतीच्या तारेची, साधारण अर्ध्या जाडीची. आमच्याकडे नेमका न्यूट्रल तुटला आणि फेज चालू राहिले. लाइट गेले असते तर परवडलं असतं. न्यूट्रल तुटला की ज्या फेजवर लोड कमी, तिथल्या घरांत २३० व्होल्टच्या जागी साडेतीनशेच्या वर व्होल्टेज जातं. फ्रिज जळाले, टीव्ही गेले, लिफ्टचं इलेक्ट्रॉनिक कार्ड गेलं. दुसऱ्या मजल्यावरच्या काकांना फुप्फुसाचा आजार आहे. त्यांचं ऑक्सिजनचं मशीन जळका वास सोडून बंद पडलं. मुलगा सिलिंडर घेऊन येईपर्यंत त्या घरात काय चाललं होतं ते मी उभं राहून पाहिलंय. तोवर जेसीबी आणि माणसं पसार.

सकाळी इंटरनेट कंपनीला फोन केला तर म्हणे काम ठेकेदाराचं. ठेकेदार म्हणे, मी पुढे दुसऱ्याला दिलं होतं. त्या दुसऱ्याचा फोन लागतच नाही. नुकसानभरपाई कोणाकडे मागायची, हे सांगायला एकही माणूस समोर यायला तयार नाही. वॉर्ड ऑफिसात परवानगीचा कागद बघायला मागितला तर "अर्ज करा" म्हणून हातात फॉर्म दिला.

अहो, यात नवीन शोध लावायचाय का? जमिनीखालून विजेची केबल कशी टाकायची याचं भारतीय मानक आहे, आयएस १२५५. साध्या लो टेन्शन, म्हणजे घरांना वीज देणाऱ्या केबलला कमीत कमी पाऊण मीटर खोली, ११ हजार व्होल्टच्या केबलला ९० सेंटिमीटर. खाली वाळू, वर वाळू, त्यावर विटा किंवा फरश्या, म्हणजे खणणाऱ्याची पहार आधी विटेवर आपटते आणि तो थांबतो. वीज आणि टेलिफोनच्या केबलमध्ये निदान ३० सेंटिमीटर अंतर. आमच्या गल्लीत फायबरचा पाइप किती खोल होता? माझी वीत पुरली. आणि बरोबर विजेच्या केबलच्या डोक्यावर! उद्या विजेचा फॉल्ट काढायला कोणी खणलं की फायबर तुटणार, फायबर जोडायला खणलं की वीज जाणार.

असं का होतं? मजुराला पैसे मीटरवर मिळतात. जितके मीटर, तितके पैसे. खोली कोण मोजणार? आणि मला सगळ्यात जास्त संताप येतो तो इथे. चरात उतरलेल्या त्या पोरांच्या पायात स्लिपर असते, हातात मोजे नसतात, आणि त्यांना पहार देऊन सांगतात, "मार". खाली ११ हजारांची जिवंत केबल असू शकते! पहार आत घुसली की शॉक तर लागतोच, पण त्याआधी जो जाळ उठतो त्यात माणूस तोंडापासून भाजतो. केबल लोकेटर नावाचं यंत्र मिळतं, वरून फिरवलं की खालची चालू केबल सापडते. तेही नको असेल तर जेसीबी लावायच्या आधी हाताने दोन-तीन चाचणी खड्डे घ्या, सावकाश, फावड्याने. याला किती खर्च येतो? एका पोराच्या जिवापेक्षा जास्त?

वरून टाकलेल्या केबलची कथा याहून वाईट. पेठांमध्ये विसर्जन मिरवणुकीत रथापुढे पोरं बांबूने वायरी वर उचलून धरतात, ते आपण वर्षानुवर्षं बघतोय आणि आपल्याला त्यात काही वाटेनासं झालंय. झाडांना गुंडाळलेल्या वायरी, विजेच्या खांबावर टांगलेली वेटोळी, कनेक्शन बंद होऊन जमाना झाला तरी लोंबणाऱ्या मेलेल्या केबल. "फायबर तर काच आहे, तिला कुठला करंट?" असं मला ऐकवतात. काचेतून प्रकाश जातो, करंट जात नाही, कबूल. पण घरापर्यंत येणाऱ्या त्या काळ्या वायरीला ताण सोसायला बहुतेक वेळा पोलादी तार जोडलेली असते. मांजरी, धायरी या भागांत खांबांवर विजेच्या तारा अजून उघड्या आहेत. वाऱ्याने ती वायर त्यांच्यावर पडली की दुसरं टोक लोंबतंय तिथे, स्कूटरवाल्याच्या गळ्याच्या उंचीवर, करंट उतरला. पोलादाऐवजी एफआरपीची, म्हणजे धाग्यांनी मजबूत केलेल्या प्लास्टिकची कांडी असलेली, जराही धातू नसलेली केबल बाजारात मिळते. ती मागा. लावून घ्या. आणि विजेच्या तारांपासून लांब ओढायला सांगा.

आता परवडण्याचं. घरापर्यंतच्या फायबरची एक मीटर वायर चहाच्या कटिंगच्या पैशात येते. महाग आहे ते खणणं आणि खणलेलं परत भरणं. मग तेच पुन्हा पुन्हा का करता? समान पाणीपुरवठ्याची लाइन आली, खणलं. ड्रेनेज आलं, खणलं. गॅस आला, खणलं. मग वीज, मग एक इंटरनेट कंपनी, मग दुसरी. प्रत्येकाचा चर वेगळा, प्रत्येकाचं डांबराचं ठिगळ वेगळं, आणि त्या ठिगळावरून पावसात घसरणारा दुचाकीवाला मात्र तोच. रस्ता उघडा असतानाच ४० मिलिमीटरचे चार एचडीपीई, म्हणजे टणक प्लास्टिकचे पाइप जादा टाकून ठेवा, वळणावर चेंबर बांधा. पुढे ज्याला केबल टाकायची त्याने भाडं भरावं आणि कॉम्प्रेसरने हवा मारून ती पाइपातून पुढे ढकलावी. रस्त्याला हात लावायचा नाही.

हे पुस्तकातलं नाही. आमच्या सोसायटीतला आतला रस्ता करताना मी कमिटीशी भांडून दोन रिकामे पाइप टाकून घेतले, आत नायलॉनची दोरी सोडून ठेवली, तोंडं बूच मारून बंद केली. "उगाच खर्च" म्हणून माझ्यावर ओरडलेले लोक आहेत. नंतर नवीन इंटरनेटवाला आला, दोरीला केबल बांधली, ओढली, एका दुपारी काम संपलं. एक फरशी उचलावी लागली नाही. जे आमच्या एका सोसायटीला जमतं ते एवढ्या मोठ्या शहराला का जमत नाही?

कायदे नाहीत असंही नाही. 'कॉल बिफोर यू डिग' हे ॲप मार्च २०२३ मध्ये पंतप्रधानांच्या हस्ते सुरू झालं. खणणाऱ्याने आधी त्यात नोंद करायची, म्हणजे खाली ज्यांच्या केबल आहेत त्यांना कळतं. बेफाम खोदाईमुळे देशाचं वर्षाला सुमारे ३ हजार कोटींचं नुकसान होतं, हा आकडा तेव्हा सरकारनेच दिला होता. टेलिकॉमच्या राइट ऑफ वेचे, म्हणजे केबल टाकायला जागा वापरण्याच्या परवानगीचे नवे नियम १ जानेवारी २०२५ पासून लागू आहेत. आमच्या गल्लीत खणणाऱ्याला मी त्या ॲपचं नाव विचारलं, त्याने ते ऐकलेलं नव्हतं. चूक त्याची नाही. परवानगीवर सही करणाऱ्याने त्या नोंदीचा कागद मागायचा होता, तो त्याने मागितला नाही. त्या सहीसाठी त्याला पगार मिळतो!

आणि त्या रात्री तुटलेल्या केबलचं पसार होण्याआधी त्या लोकांनी काय केलं? कोअर एकमेकांना पीळ दिला आणि वर काळी टेप गुंडाळली. ना फेरूल, म्हणजे जोडाची धातूची नळी, दाबून क्रिम्प केलं, ना गरम करून घट्ट बसणारी हीट श्रिंक स्लीव्ह घातली, ना वाळू, ना विटा. त्यावर राडारोडा लोटला आणि गेले. त्या टेपमध्ये पावसाचं पाणी शिरणार, जॉइंट पुन्हा जळणार, आणि ओल्या जमिनीत करंट उतरला तर शेजारी शाळेची रिक्षा थांबते, तिथे पोरं उभी असतात. मी लेखी तक्रार दिली आहे, जॉइंटचे फोटो जोडलेत, पोच घेतली आहे. पहिल्या पावसाच्या आत तो खड्डा उघडून जॉइंट नव्याने करा, आणि करताना मी तिथे उभा असणार.