सायकलीपासून मोटारींना असलेला धोका

कधी काळी सायकलींचे शहर म्हणवून घेणाऱ्या पुण्यात आजही काही माणसे सायकल चालवतात, आणि आपण त्यांच्यापैकी एक असाल तर आपल्यामुळे रोज किती मौल्यवान मालमत्ता धोक्यात येते, याचा विचार आपण बहुधा केलेला नसेल. सायकलच्या हँडलचे टोक मोटारीच्या दाराला नुसते घासले, तरी ती मोटार दोन-तीन दिवस गॅरेजमध्ये ठेवावी लागते आणि तेवढे दिवस तिच्या मालकावर रिक्षावाल्याची मनधरणी करण्याची पाळी येते. याच प्रसंगात आपले मनगट मोडले, तर ते प्लास्टरमध्ये पाच-सहा आठवड्यांत आपले आपण जुळून येते. मोटारीच्या रंगाची मूळ छटा मात्र तज्ज्ञ कारागिरालाही पुन्हा तंतोतंत जुळवता येत नाही. तेव्हा जी वस्तू दुरुस्त होत नाही तिला जपावे, या साध्या न्यायाने पुढील सूचना आपण मनावर घ्याव्यात, ही विनंती.

सर्वप्रथम आपण आपले वजन ओळखावे. सायकल पंधरा-वीस किलोची आणि आपण साठ-पासष्टचे, म्हणजे सारा संसार ऐंशी किलोंचा. समोरची मोटार हजार ते दीड हजार किलोंची असते आणि हल्ली ज्या उंच, रुंद, रानात जाण्यासाठी बनवलेल्या पण कर्वे रस्त्यापलीकडे सहसा न गेलेल्या गाड्या दिसतात, त्या दोन हजारांच्याही पुढे जातात. अशा दोघांची टक्कर होते तेव्हा न्यूटनच्या तिसऱ्या नियमाप्रमाणे दोघांवरही सारखेच बल लागते. या समतेचे कौतुक शाळेत सर्वांना शिकवले जाते. त्याच बलाने कोणाचा वेग किती बदलतो हे मात्र वजनावर ठरते, आणि त्यामुळे मोटारीला जाणवतो तो किंचितसा हिसका, तर आपल्याला त्याच्या बारा ते पंचवीसपट. मोटारीतील मंडळींच्या हातातील कॉफी सांडू शकते, हे लक्षात ठेवावे.

वेगाचेही थोडे गणित करून ठेवलेले बरे. ताशी 30 किलोमीटर वेगाने बसणारी धडक ही साधारण साडेतीन मीटर उंचीवरून, म्हणजे पहिल्या मजल्याच्या गॅलरीतून खाली पडण्यासारखी असते. ताशी 50 ला हीच उंची दहा मीटरच्या जवळ जाते, म्हणजे तिसरा मजला. आणि ताशी 70 ला एकोणीस मीटर, म्हणजे सहावा. वेग दुपटीपेक्षा थोडा वाढला की उंची पाचपटीहून अधिक वाढते, कारण ती वेगाच्या वर्गाप्रमाणे वाढत असते. फेब्रुवारी 2020 मध्ये स्टॉकहोम येथे जमलेल्या देशांच्या प्रतिनिधींनी असे जाहीर केले, की जिथे माणसे आणि वाहने एकत्र वावरतात तिथे मोटारींचा वेग ताशी 30 च्या वर जाऊ देऊ नये. आपल्याकडे 2018 च्या केंद्रीय अधिसूचनेने महापालिका हद्दीतील रस्त्यांवर मोटारींसाठी कमाल मर्यादा ताशी 70 ठरवली आणि ती कमी करण्याची मुभा राज्यांना व स्थानिक अधिकाऱ्यांना ठेवली. स्टॉकहोमवाले आपल्याला पहिल्या मजल्यावरून पडू द्यायला तयार होते, आपण सहावा मजला गाठला. प्रगती म्हणतात ती हीच.

हेल्मेट अवश्य घालावे. युरोपातील मानकानुसार सायकलचे हेल्मेट साधारण दीड मीटर उंचीवरून सपाट लोखंडावर आपटून तपासतात, तेव्हा वर सांगितलेल्या दहा किंवा एकोणीस मीटरशी त्याचा मेळ कसा बसवायचा, हा प्रश्न कोणी विचारला तर उत्तर देण्याची आवश्यकता नाही. हेल्मेटचे खरे काम निराळे आहे. अपघातानंतर बातमीत ‘सायकलस्वाराने हेल्मेट घातले नव्हते’ हे वाक्य छापता येऊ नये, एवढ्यासाठी ते असते. मोटार किती वेगात होती, याची चौकशी बातमीत सहसा नसतेच, म्हणून त्यासाठी कोणी काही घालून बसत नाही.

या बाबतीत इतिहासाचा दाखला द्यायचा तर तो फारसा अनुकरणीय नाही. अमेरिकेतील मोटार अपघाताची पहिली नोंद म्हणून जी सांगितली जाते ती 1896 सालच्या मे महिन्यातील आहे. न्यूयॉर्कमध्ये हेन्री वेल्स नावाच्या गृहस्थाची मोटार सायकलवरून चाललेल्या एका बाईंवर आदळली आणि त्यांचा पाय मोडला. तिथल्या पोलिसांनी काय करावे? त्यांनी वेल्स यांना रात्रभर कोठडीत ठेवले. बाईंनी कोणत्या रंगाचे कपडे घातले होते, घंटी वाजवली होती काय, घराबाहेर पडण्याचे कारण काय, यांपैकी काहीच त्या अडाणी काळात कोणाला सुचलेले दिसत नाही. आपल्या पुण्यातील जुने पोलीस त्या मानाने जाणते होते. सायकलला रात्री दिवा नसेल तर ते थांबवत, डबलसीट दिसले की दंड करत, आणि चाकातील हवा सोडून देण्याची शिक्षाही जुन्या पुणेकरांना आठवत असेल. आता सायकलवाल्यांकडे एवढे लक्ष देणारा कोणी उरलेला नाही, ही खंत मनात आल्यावाचून राहत नाही.

आता दरवाजाकडे वळतो, कारण हा विषय मला स्वानुभवाने परिचित आहे. चालत्या मोटारीपेक्षा उभी मोटार निरुपद्रवी, असा भोळा समज करून घेऊन मी एकदा रस्त्याच्या कडेला लावलेल्या गाड्यांच्या रांगेलगत सायकल चालवत होतो. त्यांपैकी एका गाडीचे दार एकाएकी उघडले. दार किती रुंद होते हे मी सांगू शकतो, कारण मी ते छातीने मोजले. उतरणाऱ्या गृहस्थांनी अतिशय काळजीने आधी दाराची कड तपासली, मग बिजागरी हलवून पाहिली, आणि मग माझ्याकडे वळून, ‘जरा बघून चालवत जा ना काका’, असे सौजन्याने सांगितले. त्यांच्या या ‘काका’ने मला खरोखर बरे वाटले.

यावर नेदरलँड्समध्ये एक विचित्र प्रथा आहे. तिथे दाराजवळच्या हाताने दार न उघडता लांबच्या हाताने उघडायला शिकवतात. आपल्याकडे चालक उजवीकडे बसतो, म्हणजे त्याने दार डाव्या हाताने उघडायचे. तसे केले की खांदा वळतो, खांद्याबरोबर मान वळते आणि मानेबरोबर नजर मागच्या रस्त्यावर जाते; खर्च शून्य. परंतु अशी कसरत करायला लावणे हा मोटारचालकाच्या मानेवर अन्याय आहे, त्यामुळे आपण तिचा आग्रह धरू नये. त्याऐवजी उभ्या गाड्यांपासून मीटरभर अंतर राखून चालवावे. असे केल्याने आपण रस्त्याच्या मध्याकडे सरकाल आणि मागून येणारी मोटार हॉर्न वाजवून आपल्याला पुन्हा दारांकडे ढकलील. या दोन मृत्यूंपैकी कोणता पसंत करावा हे ज्याचे त्याने ठरवायचे आहे. लोकशाहीत निवडीचे स्वातंत्र्य असते.

दुसरा प्रसंग डावीकडच्या वळणाचा. आपण डाव्या कडेने सरळ चाललेले असता मागून आलेली मोटार आपल्याला ओलांडून पुढे जाते आणि लगेच आपल्या समोरून गल्लीत किंवा पेट्रोल पंपात डावीकडे वळते. आपल्यामागे थांबून वळली असती तर तिचे चार सेकंद गेले असते. चार सेकंद म्हणजे काय, हे सायकलवाल्याला कळणार नाही. ताशी 50 च्या वेगाने मोटार एका सेकंदात चौदा मीटर जाते, त्यामुळे चालकाने मोबाइलवर आलेला संदेश वाचण्यासाठी दोनच सेकंद मान खाली घातली तरी तेवढ्यात अठ्ठावीस मीटर रस्ता त्याने न पाहता पार केलेला असतो. वेळेची किंमत असलेली माणसे अशी दोन कामे एकदम उरकतात. अशा वेळी त्यांना आपण दिसला नाहीत, तर त्याचा राग मानू नये. ‘दिसलाच नाही हो’ हे वाक्य आपण अनेकदा ऐकले असेल. त्यात संपूर्ण सत्य असते, आणि न पाहणाऱ्याला काहीही दिसत नसते हे शास्त्रालाही मान्य आहे. आपल्या बाजूने आपण भडक केशरी जाकीट घालावे, पुढे पांढरा आणि मागे लाल दिवा लावावा, मडगार्डवर आणि पेडलवर चमकत्या पट्ट्या ठेवाव्यात. एवढे करूनही दिसला नाहीत, तर निदान आपल्या दिव्यांचा त्या चालकाच्या डोळ्यांना त्रास झाला नाही, याचे समाधान मानावे.

या सर्व संकटांवर तोडगा म्हणून महापालिकेने स्वतंत्र सायकलमार्ग बांधले, हे विसरून चालणार नाही. 2006 च्या राष्ट्रीय शहरी वाहतूक धोरणात वाहने नव्हे तर माणसे हलवण्याला महत्त्व द्यावे असे म्हटले होते, आणि त्याच सुमारास सातारा रस्ता व सोलापूर रस्ता येथे जलद बसमार्गाच्या जोडीने सायकलमार्गही आले. 2017 मध्ये साऱ्या शहरासाठी सायकल आराखडा तयार झाला, मोबाइलने कुलूप उघडणाऱ्या भाड्याच्या रंगीबेरंगी सायकली आल्या, त्यांच्यासोबत छायाचित्रे काढून झाली, आणि काही काळाने त्या सायकली जशा आल्या तशा गेल्या. मार्ग मात्र राहिले आहेत. त्यांचा शोध घेणे हा रविवार सकाळचा चांगला व्यायाम आहे. एखादा मार्ग पेव्हर ब्लॉकच्या लाल पट्टीने सुरू होतो, दुचाकी आत शिरू नयेत म्हणून रोवलेल्या लोखंडी खांबांमधून, जिथून दुचाकी सहज जाते आणि सायकलचे हँडल अडकते अशा फटीतून, पुढे सरकतो, भाजीच्या हातगाडीला वळसा घालतो, विजेच्या डीपीपाशी थबकतो, आणि बसथांब्याच्या पाठीवर डोके आपटून संपतो. संपतो तिथे सहा इंचांची पायरी असते. ती उतरलात की आपण थेट मोटारींच्या झोतात, त्यांना अनपेक्षित अशा कोनातून, प्रवेश करता. त्यामुळे जे मोटारचालक ‘यांच्यासाठी एवढे ट्रॅक केलेत, तरी हे रस्त्यावरच’, असे म्हणतात, त्यांच्याशी वाद घालू नये. ते त्या मार्गाला दिवसातून दोनदा पाहतात. एकदा तिथे गाडी लावताना आणि एकदा काढताना.

नेदरलँड्सची उदाहरणे देणाऱ्यांपासूनही सावध राहावे. त्या सपाट देशात 1971 साली रस्त्यांवर सुमारे 3300 माणसे मेली, त्यांत चारशेहून अधिक लहान मुले होती. तेव्हा तिथले आईबाप रस्त्यावर येऊन आडवे झाले, ‘मुलांच्या हत्या थांबवा’ अशी घोषणा त्यांनी दिली, आणि पुढच्या काळात सरकारला रस्तेच नव्याने आखावे लागले. आपल्याकडचे आईबाप समंजस आहेत. मुलगा पाचवीत गेला की सायकल गॅलरीत टांगून ते त्याला मोटारीने शाळेत सोडतात, आणि शाळेसमोर मोटारींची एवढी गर्दी असते की तिथे सायकल घेऊन मूल पाठवणे कोणालाही धोक्याचे वाटावे.

इतके सांभाळूनही टक्कर झालीच, तर पुढील रीतभात पाळावी. शुद्धीवर असल्यास प्रथम मोटारीचा बंपर पाहावा. मालक तिथेच वाकलेला असेल. त्याच्याशेजारी आपणही वाकल्यास संवादाला सुरुवात होते. मोटार वाहन कायद्याच्या कलम 134 प्रमाणे जखमीला वैद्यकीय मदत मिळवून देणे हे चालकाचे कर्तव्य आहे आणि मदतीला धावणाऱ्या वाटसरूला कलम 134-अ चे संरक्षण आहे, पण ही कलमे मोठ्याने म्हणून दाखवू नयेत, गर्दी हिरमुसते. विम्याच्या कागदात आपल्याला त्रयस्थ पक्ष म्हणतात. पहिला पक्ष गाडीचा मालक, दुसरा विमा कंपनी, आणि जो चाकाखाली होता तो तिऱ्हाईत. हा तिऱ्हाईतपणा मनाला लावून घेऊ नये. त्याच्यासाठीचा विमा सक्तीचा आहे म्हणून तरी कागदात आपले नाव निघते.

मोटार न थांबता निघून गेली, तर तिचा क्रमांक टिपावा की टिपू नये, हा नाजूक प्रश्न आहे. क्रमांक मिळालाच नाही तर 2022 पासून लागू असलेल्या योजनेनुसार गंभीर दुखापतीला पन्नास हजार आणि मृत्यूला दोन लाख अशी ठरलेली रक्कम आहे. एखाद्या परदेशी मोटारीच्या पुढच्या दिव्यांच्या जोडीला याहून अधिक पडतात, तरी आकडा ठरलेला असल्याने घासाघीस करावी लागत नाही. क्रमांक मिळाला तर दावा मोटार अपघात न्यायाधिकरणापुढे जातो, तिथे आपले वय, आपले उत्पन्न आणि अपघातात आपलाही काही वाटा होता काय, यांचा सविस्तर विचार होतो, आणि तारखा पडत जातात. वय तेवढे आपोआप वाढत राहते.

मध्यंतरी पोलीस पंचनामा करतात. मोटार कागदपत्रे दाखवून काही दिवसांत मालकाच्या ताब्यात जाते आणि घरी पोचते. सायकल मुद्देमाल म्हणून चौकीच्या आवारात, कडुलिंबाखाली, वाकलेल्या चाकावर तोल सांभाळत उभी राहते. चालता येऊ लागले की एकदा जाऊन तिला पाहून यावे. तिच्या मागच्या मडगार्डला मोटारीचा पांढरा रंग लागलेला असेल. तो हलक्या हाताने खरवडून कागदाच्या पुडीत घ्यावा आणि मालकाला नेऊन द्यावा. मूळ छटा जुळवायला त्याला त्याचा उपयोग होईल.