थिंकपॅड एक्स२२० भंगारात का टाकायचा?

"एवढा जुना लॅपटॉप? भंगारात टाका!" सोलापुरात दुरुस्तीला न्या, हेच ऐकायचं. अहो, आधी उघडून तर बघा! लेनोवोचा २०११ चा लॅपटॉप, एक्स२२०. बाजूच्या झाकणाचा एकच स्क्रू काढला की हार्ड डिस्क हातात. तिथे ७ मिलिमीटर जाडीची साटा एसएसडी, म्हणजे हार्ड डिस्कपेक्षा वेगवान साठवण, घाला, ९.५ ची आत जातच नाही. रॅमची कमाल मर्यादा कागदावर ८ जीबी, पण ८-८ च्या दोन डीडीआर३ प्रकारच्या रॅमपट्ट्या बिनतक्रार चालतात. बॅटरी तर स्क्रूड्रायव्हरशिवाय निघते. आणि तो सात ओळींचा कीबोर्ड! तसा आता मिळतो कुठे?

"फार तापतो" म्हणे. तापणारच! मागावरच्या सुताचे तंतू हीटसिंकच्या, म्हणजे उष्णता बाहेर टाकणाऱ्या धातूच्या, पात्यांत नमद्यासारखे घट्ट बसलेले असतात, गरम हवा बाहेर पडणार कुठून? वर मे महिन्यातलं सोलापूरचं ऊन. तो थर ब्रशने काढा, प्रोसेसरची उष्णता हीटसिंकला पोचवणारी, वाळून भुगा झालेली पेस्ट पुसा, तांदळाच्या दाण्याएवढी नवी लावा. ब्लोअर मारताना पंखा बोटाने धरून ठेवा, नाहीतर गरागरा फिरून बेअरिंग जातं. एवढं करायचा कंटाळा, म्हणून रॅम बोर्डालाच सोल्डर केलेला, म्हणजे ती बदलताच न येणारा नवा लॅपटॉप गिऱ्हाइकाच्या गळ्यात मारायचा!