आई, कॅमेऱ्याकडे बघू नकोस!

घरच्यांची डॉक्युमेंटरी करणार असं मी जाहीर केलं तेव्हा बाबा म्हणाले, "आपल्यात काय आहे बघण्यासारखं?" आणि आत जाऊन दाढी करून आले.

तसं घरच्यांना धरून सिनेमा करणं आपल्याकडे नवं नाही, दादासाहेब फाळक्यांनी आधी वाटाण्याचं रोप उगवताना शूट केलं, पुढे १९१९ च्या 'कालियामर्दन'मधे स्वतःच्या लेकीला, मंदाकिनीला, कृष्ण केलं आणि त्यांची बायको सरस्वतीबाई तर फिल्मला भोकं पाडण्यापासून अख्ख्या युनिटच्या जेवणापर्यंत सगळं बघायच्या. पण ते सिनेमे मूक होते हो! आणि वाटाण्याचं रोप दर पाच मिनिटांनी "मी जाड दिसत नाहीये ना?" विचारत नाही.

मला हवं होतं नॅचरल. म्हणजे दोरीवरचे कपडे, टीव्हीवर पडलेला नेलकटर, असलं. आईने आदल्या रात्रीच सगळं आवरलं, वर सोफ्याला दिवाळीचे अभ्रे चढवले. कॅमेरा चालू झाला की एरवी "ए, मीठ दे इकडे" म्हणून खेकसणारी ही बाई एकदम हात जोडून "नमस्कार, आज आपण बघणार आहोत भरली वांगी"! आजीची तऱ्हा अजून वेगळी, पदर सारखा करून श्वास रोखून उभी, अगं व्हिडिओ आहे आजी, बोल काहीतरी, तर ओठ न हलवता म्हणते, "काढलास का?"

एकदाच काय ते खरं घडलं. बाबांनी दूध उतू घालवलं आणि आईचा पट्टा सुटला, लाइट सुंदर, दोघांनाही कॅमेऱ्याचं भान नाही, आणि नेमकं फोनचं स्टोरेज फुल! फोरके व्हिडिओ मिनिटाला साधारण ३५० एमबी खातं, आणि आमच्याकडे भांडणं काय मिनिटात संपत नाहीत. जुने गुड मॉर्निंग डिलीट करून मी म्हटलं, प्लीज परत भांडा ना, मगाचसारखंच. रिटेकला आई अशी काही फॉर्मात आली की दूध राहिलं बाजूला, थेट आत्याच्या लग्नातल्या पैठणीवर गेली. बाबा माझ्याकडे वळून म्हणाले, "हे मगाशी नव्हतं. हिला वेगळं स्क्रिप्ट दिलंयस का?"

परवा पेनड्राइव्ह लावून टीव्हीवर सगळ्यांना दाखवलं. माझं एडिटिंग, म्युझिक, कुणाला पडलेलं नाही. आजी अचानक ओरडली, "थांब, मागे घे!" ओट्याच्या कोपऱ्यात निळ्या झाकणाचा डबा. मावशीचा. जो आमच्याकडे नाहीच असं आई कित्येक महिने फोनवर शपथेवर सांगतेय.

त्यामुळे फिल्म फॅमिली ग्रुपवर टाकायची नाही अशी आईची ऑर्डर आहे, आधी तो डबा ब्लर करायचा. भांडण मात्र राहू दे म्हणाली, त्यात ती बरी दिसतेय.