शिकागोवर व्याख्यान ठोकायचंय?

रविवारी १८९३ च्या शिकागो जागतिक प्रदर्शनावरचं सचित्र व्याख्यान पदरी पडलं. वक्ते नामवंत, टाळ्या उदंड. तुम्हालाही असंच बोलायचं असेल, तर या घ्या सूचना.

सुरुवात आकड्यांनी करा. दोन कोटी सत्तर लाखांवर हजेरी, फेरिसचा आकाशपाळणा २६४ फूट उंच, ३६ डबे, डब्यात ६० माणसं. लोक आपोआप ‘अबब’ म्हणतात. पाळणा उद्घाटनाला तयारच नव्हता, सात आठवडे उशिरा फिरला, हे सांगून रंगाचा बेरंग कशाला?

प्रदर्शनातल्या पांढऱ्याशुभ्र इमारतींना ‘शुभ्र नगरी’ म्हणताना आवाज जरा कापरा ठेवा. तो संगमरवर नसून प्लास्टर आणि तागाचा गिलावा होता, हे पोटात ठेवा.

दिवे एडिसननेच लावले, असं बिनधास्त ठोका. लावले त्याच्या प्रतिस्पर्धी वेस्टिंगहाउस कंपनीने, पण विचारतंय कोण!

विवेकानंदांना पाळण्याशेजारी उभं करा. सर्वधर्म परिषद प्रदर्शनाच्या मैदानात नव्हतीच, ती दूर उत्तरेला, आज आर्ट इन्स्टिट्यूट आहे त्या इमारतीत भरली होती. असू दे, एका स्लाइडवर दोन्ही मावतात ना! आणि तिथे मुंबईच्या ब्राह्मो समाजाचे बी. बी. नगरकरही बोलले होते, हे मराठी श्रोत्यांना कळता कामा नये.

‘मिडवे’ हा प्रदर्शनाचा करमणुकीचा भाग, तो निव्वळ मौजमजा म्हणून सांगा. पश्चिम आफ्रिकेतल्या दाहोमेचं गाव मांडून तिथे जिवंत माणसं तिकीट लावून दाखवत होते. त्यांचा फोटो आला तेव्हा आमचे वक्ते म्हणाले, “हे त्यांचं नृत्य, फार गोड.” गोड? अमेरिकेच्या स्वतःच्या काळ्या नागरिकांना या प्रदर्शनाच्या कारभारातून जवळपास वगळलं होतं. गुलामीतून पळून सुटलेला, सत्तरी ओलांडलेला फ्रेडरिक डग्लस तिथे होता, पण हैतीचा प्रतिनिधी म्हणून, हैतीच्या दालनात! स्वतःच्या देशाने त्याला उभं राहायला जागा दिली नाही. त्याने काळी पत्रकार आयडा बी. वेल्स आणि इतर दोघांबरोबर पुस्तिका काढली. काळा अमेरिकन या प्रदर्शनात का नाही, हाच तिचा मथळा. प्रश्नोत्तरांत मी एवढंच विचारलं. उत्तर आलं, “तो विषय वेगळा आहे.” लगेच चहाची घोषणा.

वेगळा कसा हो? माणसं तिकीट लावून दाखवली ती त्याच प्रदर्शनात ना? डग्लसचं नाव घ्यायला अर्धं मिनिटही लागत नाही, आणि तुम्ही पाळण्याचे डबे मोजत बसलात. मानधन घेता, हार घालून घेता, तर निदान थोडं वाचून तरी या. ती पुस्तिका छोटी आहे, फुकट मिळते. तेवढंही होत नसेल, तर पुढचं निमंत्रण नाकारा.