पॅरासिटामॉल जास्त झाली तर ‘सकाळपर्यंत वाट बघा’ म्हणे!

पॅरासिटामॉलच्या गोळ्या जास्त पोटात गेल्या तर काय करावं, याचा एक घरगुती सल्ला ग्रुपाग्रुपांतून फिरत असतो. ‘तापाची साधी गोळी आहे, घाबरू नका. मीठपाणी पाजून उलटी काढा, वर लिंबूपाणी द्या. सकाळपर्यंत माणूस ठणठणीत दिसला तर धोका टळला. उगाच हॉस्पिटलात नेलंत तर पोलिसांचं लफडं मागे लागेल.’ यातलं सकाळचं वाक्य जीवावर बेतणारं आहे, म्हणून आधी तेच घेतो.

या विषबाधेत पहिले २४ तास फसवे असतात. थोडी मळमळ, एखादी उलटी, नाहीतर काहीच नाही. माणूस चहा पितो, फोनवर बोलतो. यकृत पॅरासिटामॉलचा बराचसा भाग निरुपद्रवी करून लघवीवाटे बाहेर घालवतं. थोड्या भागाचं मात्र एनएपीक्यूआय नावाचं विषारी द्रव्य बनतं. यकृतातलं ग्लुटाथायोन ते तिथल्या तिथे निकामी करतं. डोस फार झाला की ग्लुटाथायोनचा साठा आटतो आणि ते विष यकृताच्या पेशींवर उलटतं. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी उजव्या बरगडीखाली दुखायला लागतं, एसजीपीटी (यकृताला इजा झाली की रक्तात वाढणारं एन्झाइम) हजारांत जातं. तिसऱ्या-चौथ्या दिवशी कावीळ, रक्त न गोठणं, गुंगी. तोवर उताऱ्याची सगळ्यात चांगली वेळ निघून गेलेली असते.

उतारा आहे, आणि उत्तम आहे: एन-ॲसिटाइलसिस्टीन. ते ग्लुटाथायोनचा साठा परत भरतं. गोळ्या घेतल्यापासून ८ तासांच्या आत सुरू झालं तर यकृताची गंभीर इजा बहुतेक टळते. उशिरा आलेल्यालाही देतात, उपयोगही होतो, पण तेवढी खात्री उरत नाही. रूढ पद्धतीत ते सलाईनमधून २१ तास चालतं. (कफ पातळ करायला हेच औषध फसफसणाऱ्या गोळीत मिळतं. म्हणून कुणी घरीच पेल्यात विरघळवून ‘इलाज’ करू नये.)

कॅज्युअल्टीत ‘नक्की किती वाजता घेतल्या?’ हे पुन्हा पुन्हा विचारतात, ते चौकशीखातर नाही. रक्तातली पातळी ४ तासांनंतरचीच धरता येते आणि ती १९७५ सालच्या रुमॅक-मॅथ्यू आलेखावर मांडून उतारा द्यायचा की नाही ते ठरतं. दाढदुखीसाठी दोन-तीन दिवस गोळ्या खात राहिलेल्याला, किंवा वेळच ठाऊक नसलेल्याला, हा आलेख लागू होत नाही; तिथे एसजीपीटी आणि पातळी बघून डॉक्टर निर्णय घेतात.

‘साधी गोळी’ हे मर्यादेत खरं आहे. धडधाकट प्रौढाला दिवसाला ४ ग्रॅम ही कमाल. गोची अशी की क्रोसिन, डोलो, कॅलपॉल ही सगळी एकच वस्तू आणि सर्दीच्या बहुतेक गोळ्यांतही तीच. लहान मुलांच्या बाटल्या तर नीट वाचाच: थेंबांच्या बाटलीत १ मिलिलिटरला १०० मिलिग्रॅम असतं, तर सिरपच्या ५ मिलिलिटरच्या चमच्यात साधारण १२० किंवा २५०. सिरपचा चमचा थेंबांच्या बाटलीला लावला की बाळाच्या पोटात ५०० गेले.

मीठपाण्याने रक्तातलं सोडियम धोकादायक वाढू शकतं आणि उलटी श्वासनलिकेत जाऊ शकते. हॉस्पिटलात लवकर, म्हणजे पहिल्या तास-दोन तासांत पोचलेल्याला सक्रिय कोळसा देतात, तो पोटातलं औषध शोषून धरतो. लिंबूपाण्याने काहीच होत नाही.

राहिले पोलिस. हॉस्पिटल एमएलसी, म्हणजे पोलिसांना कळवायची केस नोंदवतं, हे खरं. पण ती नोंद आहे, उपचार तिच्यासाठी थांबत नाहीत. मुद्दाम गोळ्या घेतल्या असतील तरी मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ चं कलम ११५ ती व्यक्ती तीव्र ताणाखाली होती असंच गृहीत धरतं आणि शिक्षेपासून संरक्षण देतं. उलट तिची काळजी घेणं ही सरकारची जबाबदारी ठरवतं. आत्महत्येच्या प्रयत्नाला शिक्षा सांगणारं जुन्या भारतीय दंड संहितेतलं ३०९ कलम १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत घेतलेलंच नाही. पोलिसांच्या धास्तीने घरीच घालवलेली रात्र म्हणजे तेच ८ तास.

तेव्हा १०८ ला फोन करा, रिकाम्या स्ट्रिपा आणि बाटल्या पिशवीत टाका, वेळ कागदावर लिहून घ्या आणि निघा. मुद्दाम घेतल्या असतील तर त्या माणसाला एकटं सोडू नका. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर चोवीस तास चालू असतो आणि तिथे मराठीत बोलता येतं. पण तो फोन हॉस्पिटलच्या वाटेवर किंवा पोचल्यावर.